आल्ट + झेड दाबलं की दुसरंच पॅनेल: दोन ग्राफिक्सच्या लॅपटॉपवर एनव्हिडिया ओव्हरले

तक्रार अशी होती. लॅपटॉपवर व्हॅलोरंट खेळताना आल्ट + झेड दाबलं की एनव्हिडियाच्या ओव्हरलेऐवजी (गेमच्या वर उमटणाऱ्या पॅनेलऐवजी) एएमडीचं पॅनेल उघडतं. आल्ट + आर दाबलं की कोपऱ्यात एफपीएस (सेकंदाला किती फ्रेम) दिसायला हवेत, ते दिसत नाहीत. आणि हे रोज होत नाही. कधी सगळं सुरळीत चालतं, मग अचानक दोन-तीन दिवस काहीच चालत नाही. ड्रायव्हर काढून पुन्हा टाकून झाला होता, एनव्हिडिया ॲपही पुन्हा टाकलं होतं आणि आता विंडोज रीसेट करायची तयारी चालली होती.

विंडोजला हात लावायची काही गरज नव्हती. या तक्रारीत सगळ्यात कामाचा भाग म्हणजे ‘रोज होत नाही’. ड्रायव्हर खरोखर बिघडला असेल तर तो रोज बिघडलेला असतो. कधी चालणारा आणि कधी न चालणारा ओव्हरले म्हणजे रोज बदलणारी एखादी गोष्ट मध्ये येते आहे. ती शोधायची, आणि शोधून होईपर्यंत काहीही पुन्हा इन्स्टॉल करायचं नाही. इन्स्टॉल केल्यावर मशीन रीस्टार्ट होतं, सगळ्या प्रोग्रॅमची सुरू होण्याची पाळी बदलते, आणि खरा पुरावा पुसला जातो.

मशीन

रायझन 7 5800एच प्रोसेसर, त्यातच असलेलं एएमडी रेडिऑन ग्राफिक्स, सोबत आरटीएक्स 3060 लॅपटॉप कार्ड 6 जीबी मेमरीचं, 16 जीबी रॅम, 512 जीबी एसएसडी, विंडोज 11 होम. एएमडी सॉफ्टवेअर ॲड्रेनालिन आणि एनव्हिडिया ॲप दोन्ही टाकलेली. लॅपटॉपमध्ये मक्स स्विच होता. म्हणजे कंपनीच्या कंट्रोल सॉफ्टवेअरमधून ठरवता येत होतं की स्क्रीन प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सला जोडायची की थेट एनव्हिडियाच्या कार्डाला. दर कंपनी या दोन मोडना वेगळं नाव देते. इथे पहिल्याला हायब्रिड आणि दुसऱ्याला डिस्क्रीट म्हणू. मोड बदलला की मशीन रीस्टार्ट करावं लागतं.

हा तपशील मूळ तक्रारीत नव्हता. मालकाने तो सांगितला नाही, कारण त्याचा ओव्हरलेशी संबंध असेल असं त्याला वाटलंच नव्हतं. कॉलेजला जाताना बॅटरी जास्त टिकावी म्हणून तो हायब्रिड लावत होता आणि घरी चार्जरवर बसल्यावर आठवण राहिली तर डिस्क्रीट. सगळं उत्तर याच सवयीत होतं, पण तिथे पोचायला आधी बाकीच्या शक्यता बाजूला काढाव्या लागल्या.

ओव्हरले नेमका काय करतो

एनव्हिडियाचा ओव्हरले म्हणजे एक स्वतंत्र प्रोग्रॅम. तो पाठीमागे चालत असतो, ठरलेली बटणं दाबली जाण्याची वाट पाहतो आणि गेम सुरू झाला की गेमच्या प्रोसेसमध्ये आपली एक डीएलएल (प्रोग्रॅमचा जोडता येणारा भाग) घालतो. गेमने फ्रेम तयार करून पडद्याकडे पाठवली की त्याच वेळी ही डीएलएल ती फ्रेम मोजते, हवी असल्यास रेकॉर्डिंगसाठी उचलते, फिल्टर लावलेला असेल तर तोही लावते. रेकॉर्डिंगचं काम कार्डावरच्या एनव्हेंक नावाच्या वेगळ्या भागाकडे जातं, म्हणून गेमवर त्याचा भार कमी पडतो. ज्या कार्डात हा भागच नाही, उदाहरणार्थ जीटी 1030, तिथे हे रेकॉर्डिंग मिळत नाही आणि कितीही सेटिंग बदलल्या तरी मिळणार नाही. आरटीएक्स 3060 मध्ये तो आहे, त्यामुळे इथे तो प्रश्न नव्हता.

यातून तपासायच्या चार जागा निघतात: प्रोग्रॅम जिवंत आहे का, बटण त्याच्यापर्यंत पोचतं का, गेम एनव्हिडियाच्या कार्डावर चालतो आहे का, आणि रेकॉर्ड झालेली फाइल डिस्कवर उतरते का. क्रम महत्त्वाचा आहे. पहिल्या दोन जागा डेस्कटॉपवर, गेम न उघडता तपासता येतात. बहुतेक जण थेट गेममध्ये जाऊन बटणं दाबत बसतात. मग अडचण ओव्हरलेची आहे की गेमची हे कळायला मार्गच उरत नाही.

ओव्हरले सुरू आहे का

जुन्या जीफोर्स एक्सपीरियन्सची जागा घेणारं एनव्हिडिया ॲप बीटामधून बाहेर आलं ते नोव्हेंबर 2024 मध्ये. जीफोर्स एक्सपीरियन्ससाठी लॉगिन लागायचं, आता ते लागत नाही. म्हणजे जुन्या व्हिडिओंमध्ये दाखवलेलं ‘खात्यात साइन इन करा’ हे उत्तर सोडून द्यायचं. ॲप उघडून डावीकडे सेटिंग्ज, त्यात फीचर्स, आणि तिथे एनव्हिडिया ओव्हरलेचं बटण चालू करायचं. पुष्कळांच्या तक्रारी इथेच संपतात, कारण नवं ॲप टाकल्यावर हे बटण चालू आहे असं ते गृहीत धरतात.

या मशीनवर बटण चालू होतं. टास्क मॅनेजरमध्ये एनव्हिडिया ओव्हरलेची प्रोसेसही दिसत होती. ती दिसत नसती तर पुढचा थांबा विंडोजच्या सर्व्हिसेसची यादी. तिथे एनव्हिडिया लोकलसिस्टम कंटेनर आणि एनव्हिडिया डिस्प्ले कंटेनर एलएस या दोन सर्व्हिसेस चालू असाव्या लागतात आणि त्यांचा स्टार्टअप प्रकार ऑटोमॅटिक असावा लागतो. ‘विंडोज हलकं करा’ म्हणून फिरणाऱ्या स्क्रिप्ट या सर्व्हिसेस बंद करून टाकतात आणि मग ओव्हरलेचं बटण चालू करायला गेलं तरी चालू होत नाही. अशी स्क्रिप्ट चालवली असेल तर ते आधीच सांगावं, शोधणाऱ्याचे निम्मे कष्ट वाचतात. विंडोजची एन आवृत्ती असेल तर ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅकही टाकावं लागतं, कारण त्या आवृत्तीत व्हिडिओचे मूळ घटकच नसतात. इथे साधी होम आवृत्ती होती, दोन्ही सर्व्हिसेस चालू होत्या. पहिली जागा ठीक.

बटण कुणाच्या हातात जातं

गेम बंद ठेवून डेस्कटॉपवर आल्ट + झेड दाबलं. एएमडीचं साइडबार उघडलं. आल्ट + आर दाबलं. एएमडी सॉफ्टवेअरची पूर्ण खिडकी उघडली.

हे ओळखीचं आहे. आल्ट + झेड आणि आल्ट + आर ही दोन्ही बटणं दोन्ही कंपन्यांनी घेतलेली आहेत. एनव्हिडियाकडे आल्ट + झेड म्हणजे ओव्हरले, आल्ट + आर म्हणजे कोपऱ्यातले आकडे. एएमडीकडे आल्ट + झेड म्हणजे साइडबार, आल्ट + आर म्हणजे सॉफ्टवेअरची पूर्ण खिडकी. डेस्कटॉप पीसीवर एकाच कंपनीचं ग्राफिक्स असतं तेव्हा याचा कुणाला त्रास होत नाही. रायझन आणि जीफोर्स एकत्र असलेल्या लॅपटॉपवर मात्र दोघे एकाच घरात राहतात.

विंडोजमध्ये कुठूनही चालणारा शॉर्टकट नोंदवण्याची जी सरळ पद्धत आहे तीत एक जोडी एकाच प्रोग्रॅमला मिळते. आधी आला त्याने नोंदवली की दुसऱ्याची नोंदणी नाकारली जाते, आणि दुसरा प्रोग्रॅम बहुतेक वेळा याबद्दल काही बोलत नाही. काही प्रोग्रॅम मात्र कीबोर्डवर थेट कान लावून बसतात. तसं असेल तर एकाच दाबण्यात दोन्ही पॅनेल उघडतात, किंवा एक उघडून लगेच बंद झाल्यासारखं दिसतं. लक्षण कुठलंही असो, उपाय एकच: एकाने बटण सोडायचं.

इथे एएमडीने सोडावं हे जास्त सोयीचं, कारण खेळताना लागणारं सगळं काम एनव्हिडियाकडे आहे. एएमडी सॉफ्टवेअर उघडून वरच्या गिअरच्या चिन्हावर जायचं, हॉटकीज टॅब उघडायचा, आल्ट + झेड आणि आल्ट + आर लिहिलेल्या ओळी शोधायच्या. त्या ओळीच्या चौकटीवर क्लिक करून डिलीट दाबलं की ती जोडी रिकामी होते. एएमडीचं कुठलंच बटण वापरायचं नसेल तर त्याच गिअरमधल्या प्रेफरन्सेसमध्ये ‘यूज हॉटकीज’ आणि ‘इन-गेम ओव्हरले’ हे दोन्ही बंद करायचे. या मशीनवर दुसरा मार्ग घेतला. एएमडी सॉफ्टवेअर अनइन्स्टॉल करायचं नाही. हायब्रिड मोडमध्ये स्क्रीन चालवणारं ग्राफिक्स त्याचंच आहे, आणि त्याच्यासोबत ड्रायव्हरही गेला तर नवी कटकट सुरू होते.

उलट बाजूने, म्हणजे एनव्हिडियाची बटणं बदलायची असतील तर ओव्हरलेमधल्या गिअरमध्ये शॉर्टकट्सची यादी आहे. नवी जोडी निवडताना कंट्रोल + आल्टने सुरू होणारी निवडू नये. विंडोज या दोन बटणांना मिळून उजव्या आल्टसारखं वागवतं आणि भारतीय कीबोर्डवर त्यांचा वापर अक्षरांसाठी होतो. इंग्लिश (इंडिया) लेआउटवर कंट्रोल + आल्ट + 4 दाबलं की ₹ उमटतं. मराठी टायपिंगही करणाऱ्याच्या मशीनवर असे घोळ लवकर होतात. व्हीएस कोड वापरणाऱ्यांनी आणखी एक लक्षात घ्यावं: तिथे आल्ट + झेड म्हणजे लांब ओळी गुंडाळण्याचं बटण. कोड लिहिताना ओव्हरले उघडत असेल तर तेच कारण.

एएमडीची बटणं बंद केल्यावर डेस्कटॉपवर आल्ट + झेड दाबलं आणि एनव्हिडियाचा ओव्हरले उघडला. आल्ट + आर दाबलं, कोपऱ्यात आकडे आले. इथपर्यंतचा भाग सुटला.

गेम कुठल्या कार्डावर

मग व्हॅलोरंट उघडला. आकड्यांची पट्टी दिसत होती, पण एफपीएसच्या जागी एन/ए आणि जीपीयूचा (ग्राफिक्स कार्डाचा) वापर जवळपास शून्य. गेम स्वतः चालत होता. व्हॅलोरंटच्या सेटिंगमध्ये व्हिडिओखाली स्टॅट्समध्ये क्लायंट एफपीएस चालू केल्यावर गेमचा स्वतःचा आकडा मात्र नीट दिसत होता. गेम फ्रेम बनवतो आहे आणि एनव्हिडियाचं कार्ड रिकामं बसलं आहे, याचा अर्थ एकच निघतो: फ्रेम एएमडीच्या ग्राफिक्सवर बनत आहेत.

याची खात्री टास्क मॅनेजरमधून होते. गेम चालू ठेवून डेस्कटॉपवर यायचं, टास्क मॅनेजरच्या डिटेल्समध्ये कॉलमच्या नावावर राइट क्लिक करून जीपीयू इंजिन हा कॉलम जोडायचा आणि गेमच्या ओळीसमोर जीपीयू 0 लिहिलं आहे की जीपीयू 1 ते पाहायचं. शून्य म्हणजे कुठलं कार्ड आणि एक म्हणजे कुठलं हे परफॉर्मन्स टॅबमध्ये नावासकट दिसतं. ते आधी वाचून घ्यावं, सगळ्या मशीनवर क्रम सारखा असेल असं धरू नये. इथे गेम रेडिऑनवर चालत होता.

पण एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलमध्ये तर प्रिफर्ड ग्राफिक्स प्रोसेसरला हाय परफॉर्मन्स एनव्हिडिया प्रोसेसर निवडलेला होता. मालकाने तो स्क्रीनशॉट पाठवला तेव्हा त्याचा गोंधळ समजण्यासारखा होता. अडचण अशी की विंडोजचं स्वतःचं ग्राफिक्सचं सेटिंग असेल तर ते एनव्हिडियाच्या पॅनेलपेक्षा वरचढ ठरतं. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये सिस्टम, डिस्प्ले, ग्राफिक्स या वाटेने गेल्यावर ॲपची यादी दिसते. त्या यादीत व्हॅलोरंटची एक ओळ होती आणि तिला हाय परफॉर्मन्स निवडलेलं होतं. म्हणजे तिथेही सगळं बरोबर दिसत होतं, आणि तरी गेम रेडिऑनवर.

या ठिकाणी थांबून फाइलचं नाव नीट वाचावं लागतं. यादीतली ओळ व्हॅलोरंट नावाच्या छोट्या एक्झीची (प्रोग्रॅम सुरू करणाऱ्या फाइलची) होती. अनरियल इंजिनवर बनलेल्या गेममध्ये मुख्य फोल्डरमधली एक्झी बहुतेक वेळा फक्त दरवाजा उघडते. खरा गेम असतो आतल्या बायनरीज फोल्डरमध्ये, विन64 मध्ये, आणि त्याच्या नावाच्या शेवटी विन64-शिपिंग असतं. व्हॅलोरंटमध्ये ती वाट रायट गेम्स, व्हॅलोरंट, लाइव्ह, शूटरगेम, बायनरीज, विन64 अशी आहे. टास्क मॅनेजरमध्ये रेडिऑनवर चालताना दिसणारी प्रोसेस हीच शिपिंगवाली होती. विंडोजच्या यादीत खाली उतरल्यावर तिचीही ओळ सापडली, आणि तिला पॉवर सेव्हिंग लावलेलं होतं. बॅटरी वाचवण्यासाठी कधीतरी केलेला बदल, नंतर विसरलेला.

त्या ओळीला हाय परफॉर्मन्स लावलं, गेम पूर्ण बंद करून पुन्हा उघडला. पूर्ण बंद म्हणजे लाँचरसकट; चालू प्रोसेसवर हा बदल लागू होत नाही. टास्क मॅनेजरमध्ये गेमसमोर आता दुसऱ्या कार्डाचा क्रमांक आला, आकड्यांच्या पट्टीत एफपीएस उमटले.

ज्यांच्या यादीत अशी ओळच नसेल त्यांनी ग्राफिक्सच्या पानावर डेस्कटॉप ॲप जोडण्याचा पर्याय घेऊन ब्राउझने थेट शिपिंगवाली एक्झी निवडावी. कुठली एक्झी खरी हे ओळखण्याची सोपी रीत: गेम चालू असताना टास्क मॅनेजरमध्ये सगळ्यात जास्त जीपीयू खाणाऱ्या ओळीवर राइट क्लिक करून ‘ओपन फाइल लोकेशन’ दाबायचं. जी फाइल निवडलेली उघडेल तीच.

मग कधी-कधी चालत कसं होतं

आता सवयीकडे परत. डिस्क्रीट मोडमध्ये स्क्रीन थेट एनव्हिडियाच्या कार्डाला जोडली जाते आणि या लॅपटॉपवर प्रोसेसरमधलं रेडिऑन बंदच होतं. ते बंद झालं की दोन गोष्टी एका फटक्यात होतात. एएमडी सॉफ्टवेअरला चालायला ग्राफिक्सच उरत नाही, त्यामुळे आल्ट + झेड आणि आल्ट + आर मोकळी होतात. आणि गेमला निवडायला दुसरं कार्ड नसतं, त्यामुळे पॉवर सेव्हिंग लावलेलं असलं तरी तो एनव्हिडियावरच चालतो. हायब्रिडवर आलं की दोन्ही दोष एकत्र परत येतात.

म्हणजे या मशीनवर एकमेकांशी काही संबंध नसलेले दोन बिघाड होते आणि एका स्विचने दोन्ही एकाच वेळी दिसायचे किंवा लपायचे. ड्रायव्हर पुन्हा टाकल्यावर ‘दोन दिवस बरं चाललं’ असं जे वाटलं होतं, त्या दोन दिवसांत लॅपटॉप घरी चार्जरवर डिस्क्रीट मोडमध्ये होता. श्रेय ड्रायव्हरला मिळालं, आणि त्यामुळे पुढच्या वेळीही ड्रायव्हरच काढला गेला. अशा प्रकरणात तारीख, मोड आणि ओव्हरले चालला की नाही, एवढं तीन-चार दिवस लिहून ठेवलं तरी कारण डोळ्यांसमोर येतं.

या मशीनवर डिस्क्रीट मोडच कायमचा ठेवायचा सल्ला दिला नाही. त्याने तक्रार मिटली असती, पण बॅटरीवर काम करताना मोठं कार्ड सतत जागं राहिलं असतं आणि विद्यार्थ्याला लॅपटॉप दिवसभर चालवायचा होता. दोष दुरुस्त केल्यावर हायब्रिडमध्येही ओव्हरले व्यवस्थित चालतो, मग मोडवर अवलंबून राहायचं कारण नाही.

रेकॉर्डिंग

एफपीएस दिसू लागल्यावर आल्ट + एफ9 ने रेकॉर्डिंग सुरू करून पाहिलं. काहीच नाही, उलट पडद्यावर दुसऱ्याच कामाचं चिन्ह आलं. इथे दोष ओव्हरलेचा नव्हता. पुष्कळ लॅपटॉपवर वरच्या ओळीतली बटणं आवाज, उजेड, माइक अशा कामांसाठी लावलेली येतात आणि एफ9 मिळवायला एफएन दाबून ठेवावं लागतं. एफएन + एस्केपने ही ओळ कायमची उलटवता येते, निदान बऱ्याच लॅपटॉपवर. काहींवर त्यासाठी बायोसमध्ये (विंडोजच्या आधी उघडणाऱ्या सेटिंगमध्ये) जावं लागतं. एकदा उलटवल्यावर आल्ट + एफ9 ने रेकॉर्डिंग सुरू झालं, पुन्हा दाबल्यावर फाइल सेव्ह झाली.

वरच्या ओळीच्या बाबतीत एक खबरदारी. आल्ट + एफ3 गेम फिल्टरसाठी आहे आणि त्याला चिकटून आल्ट + एफ4, जे विंडोजमध्ये चालू खिडकी बंद करतं. सामना चालू असताना बोट घसरलं तर गेम बंद. फिल्टर नेहमी वापरत असाल तर त्याचा शॉर्टकट दूर हलवावा.

नंतर मालकाला हवा होता इन्स्टंट रिप्ले, म्हणजे ओव्हरले शेवटची काही मिनिटं सतत साठवत राहतो आणि चांगला राउंड झाला की आल्ट + एफ10 दाबून तेवढा तुकडा ठेवता येतो. लांबी 15 सेकंदांपासून 20 मिनिटांपर्यंत ठेवता येते. इथे जागेचा हिशेब आधी करावा. 50 एमबीपीएस बिटरेटवर 5 मिनिटांना साधारण 1.9 जीबी जागा लागते, 20 मिनिटांना 7.5 जीबी. हा साठा तात्पुरत्या फाइलींच्या जागी, म्हणजे न बदलल्यास सी ड्राइव्हवर होत राहतो. 512 जीबीच्या एसएसडीवर दोन-तीन मोठे गेम टाकले की सी ड्राइव्ह काठोकाठ भरतो, आणि मग रिप्ले अर्धवट निघतो किंवा चालूच होत नाही. व्हॅलोरंटसाठी 2 मिनिटांची लांबी पुरेशी आहे. बहुतेक राउंड तेवढ्यात संपतात. 1080पी, 60 एफपीएस, 30 एमबीपीएस या मापाला 2 मिनिटांचे सुमारे 450 एमबी होतात. व्हॉट्सॲपवर एवढी फाइल डॉक्युमेंट म्हणून पाठवता येते, आणि यूट्यूबवर टाकायलाही हा दर्जा पुरतो.

रिप्ले चालू झाला आणि थोड्या वेळाने आपोआप बंद झाला. कारण ब्राउझरमध्ये उघडी असलेली ओटीटीची टॅब. संरक्षित व्हिडिओ पडद्यावर असेल तर ओव्हरले रेकॉर्डिंग थांबवतो, कारण तो व्हिडिओ टिपला जाऊ नये अशीच व्यवस्था आहे. तो पुन्हा आपोआप सुरू होईलच असं नाही. त्यामुळे खेळायला बसताना ती टॅब बंद करायची, आल्ट + शिफ्ट + एफ10 ने रिप्ले पुन्हा चालू करायचा, आणि ओव्हरलेच्या सेटिंगमधून कोपऱ्यात स्टेटस इंडिकेटर कायम दिसेल असं ठेवायचं. चिन्ह दिसत नसेल तर साठवणं चालू नाही, हे एका नजरेत कळतं. सामना संपल्यावर कळण्यापेक्षा हे पुष्कळ बरं.

रेकॉर्डिंग सुरू होतं, सूचना येते, पण फाइल कुठेच सापडत नाही, अशीही तक्रार वारंवार येते. या मशीनवर ती नव्हती, तरी एक कारण सांगून ठेवण्यासारखं आहे. विंडोज सिक्युरिटीमध्ये रॅन्समवेअर प्रोटेक्शनखाली कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस चालू केलेला असेल तर व्हिडिओज फोल्डर संरक्षित होतो आणि अनोळखी प्रोग्रॅमला तिथे लिहू दिलं जात नाही. ब्लॉक हिस्टरीमध्ये ज्या एनव्हिडिया प्रोसेसचं नाव दिसेल तेवढीच परवानगीच्या यादीत घालावी किंवा रेकॉर्डिंगसाठी दुसरा फोल्डर द्यावा. सगळं संरक्षण बंद करू नये.

बाजूला काढलेल्या शक्यता

गेम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवला जात होता का, हे पाहिलं. काही व्हिडिओंत तसा सल्ला असतो. विंडोज कमी अधिकाराच्या प्रोग्रॅमला जास्त अधिकाराच्या खिडकीतली बटणं वाचू देत नाही, त्यामुळे डेस्कटॉपवर चालणारा शॉर्टकट गेममध्ये मुका होतो. एक्झीच्या प्रॉपर्टीजमधल्या कंपॅटिबिलिटी टॅबवर ती खूण असेल तर काढावी. इथे नव्हती.

डिस्कॉर्डचा ओव्हरले आणि एमएसआय आफ्टरबर्नरसोबत येणारं रिव्हाट्यूनर हेही फ्रेम जाण्याच्या त्याच जागेवर हात घालतात. एका वेळी तीन-चार ओव्हरले असले की गेम सुरू होताना अडकणं, पट्टी लुकलुकणं असे प्रकार होतात. तपासताना एनव्हिडियाचा एकच चालू ठेवून बाकीचे बंद करायचे आणि मग एकेक परत आणायचा. या मशीनवर फक्त डिस्कॉर्डचा होता आणि त्याने काही बिघडवलेलं नव्हतं.

फ्रेमरेट घसरल्याचीही शंका मालकाला होती. डिसेंबर 2024 मध्ये झालेल्या चाचण्यांत एनव्हिडिया ॲपमुळे काही गेममध्ये 15 टक्क्यांपर्यंत फ्रेमरेट कमी झाल्याचं दिसलं होतं, आणि कंपनीने तेव्हा गेम फिल्टर्स आणि फोटो मोड बंद करायला सांगितलं होतं. सेटिंग्ज, फीचर्स, ओव्हरले या वाटेवरच ते बटण आहे आणि बदलल्यावर गेम पुन्हा उघडावा लागतो. फिल्टर वापरत नसाल तर ते बंदच असावं. ओव्हरले, एफपीएस आणि रेकॉर्डिंग त्याच्याशिवाय चालतात. या लॅपटॉपवर घसरणीचं मोठं कारण अर्थातच गेम रेडिऑनवर चालणं हे होतं, तरीही ते बटण बंद केलं.

ड्रायव्हर पूर्ण काढून टाकण्याची वेळ कधी येते? टास्क मॅनेजरमध्ये ओव्हरलेची प्रोसेस उगवून लगेच मरत असेल, सर्व्हिस हाताने सुरू केली तरी थांबत असेल, किंवा ॲपमधलं बटण चालू करताच परत बंद होत असेल, तेव्हा. तेव्हाही आधी ड्रायव्हर इन्स्टॉलरमध्ये कस्टम निवडून क्लीन इन्स्टॉलेशनवर खूण करून पाहावं. डिस्प्ले ड्रायव्हर अनइन्स्टॉलर हे त्यानंतरचं साधन, सेफ मोडमध्ये आणि इंटरनेट तोडून चालवायचं, म्हणजे विंडोज अपडेट मध्येच स्वतःचा ड्रायव्हर घुसवत नाही. दोन ग्राफिक्सच्या लॅपटॉपवर त्यात एनव्हिडियाच निवडलं आहे ना, हे दोनदा पाहावं.

मशीन परत देताना ठेवलेली मांडणी अशी: एएमडीकडे हॉटकीज आणि इन-गेम ओव्हरले बंद, विंडोजच्या ग्राफिक्स यादीत शिपिंगवाल्या एक्झीला हाय परफॉर्मन्स, एनव्हिडिया ओव्हरले चालू, गेम फिल्टर्स बंद, इन्स्टंट रिप्ले 2 मिनिटं, स्टेटस इंडिकेटर चालू. हायब्रिड आणि डिस्क्रीट अशा दोन्ही मोडमध्ये रीस्टार्ट करून आल्ट + झेड, आल्ट + आर आणि आल्ट + एफ9 ही तिन्ही बटणं आधी डेस्कटॉपवर आणि मग गेममध्ये दाबून पाहिली. पुढे कधी एएमडीचा ड्रायव्हर अपडेट झाल्यावर आल्ट + झेडला पुन्हा साइडबार उघडलं, तर नव्या इन्स्टॉलेशनने हॉटकीज मूळ जागी आणलेल्या असतील. सगळ्यात आधी एएमडीच्या प्रेफरन्सेसमध्ये जाऊन ‘यूज हॉटकीज’ पाहावं.